मिस डेनची लेखनिका

ईस्टबोर्न, ३ एप्रिल १९१३

पोचले एकदाची! समुद्राकडे तोंड केलेलं पांढरं घर, माझ्या खोलीत मोठी खिडकी आणि लिहायला ऐसपैस टेबल. सात वर्षं शाळेत मुलींचं शुद्धलेखन तपासल्यावर ही सुट्टीच म्हणायची. मिस ऑरेलिया डेन आपल्या नाट्यजीवनाच्या आठवणी सांगणार आणि मी त्या उतरवून घेणार. लेटीला लगेच पत्र टाकलं, की तुझी बहीण आता नाटकवाल्यांत ऊठबस करते; बाबा असते तर त्यांनी मला उंबऱ्यातूनच परत पाठवलं असतं.

दहा वर्षांपूर्वी अख्खं लंडन या बाईसाठी वेडं झालं होतं म्हणे. लंडनला दुसरा उद्योग नसावा. पन्नाशीची बाई, डोक्यावर दुसऱ्याच कुणाचे केस, गालांवर रंगाचे थर. चहा ओततानाही हात असा फिरवते, जणू सर्वांत मागच्या बाकावरच्या माणसाला तो दिसलाच पाहिजे.

घरात तिसरी फक्त मिसेस गॅड. पूर्वी रंगपटात हिला सजवायची, आता स्वयंपाक करते. तिचा आवाज म्हणे एका हिवाळ्यात गेला तो गेलाच. सांगायचं असेल ते पाटीवर लिहिते.

५ एप्रिल

बाईंचा जन्म ग्रिम्झबीत. बाप मासे विकायचा, पण मी लिहायचं ‘जहाजांचा व्यापारी’. सोळाव्या वर्षी फिरत्या कंपनीत शिरली. पुढची वीस वर्षं दासी, प्रेत, नाहीतर गर्दीतली तिसरी बाई. मग १९०२ साली एकाएकी लंडनमध्ये सरदारणीची भूमिका, आणि चारशे प्रयोग! ही हसली की थिएटर उजळतं, असं वर्तमानपत्रांनी छापलं.

वीस वर्षं जे जमलं नाही ते एका वर्षात कसं जमलं, असं मी विचारलं. ती म्हणाली, "मी माणसं नीट बघायला शिकले, मिस पिनॉक. तुम्ही फक्त नाक मुरडायला बघता."

मला हसू फुटलं. ग्रिम्झबीची मासेवाली मला शिकवणार! तिने मान कलती करून ते हसू ऐकलं आणि अगदी नम्रपणे विचारलं, पुन्हा हसाल का?

मी हसले. तिच्यावर हसायला मला कितीसे कष्ट!

९ एप्रिल

दुपारी जेवताना तिने माझी नक्कल केली. माझं हसू, शेवटच्या चढत्या सुरासकट, हुबेहूब. माकडचेष्टा नुसत्या. तिला झटकून टाकावं म्हणून मी हसायला गेले, तर तोंडातून नुसती हवा आली.

समुद्रावरचा वारा बाधला असणार.

११ एप्रिल

गॅडने पाटी पुढे केली: ‘तिच्यासमोर बोलू नका. लंडनमधलं ते हसू माझं होतं. मग तिने बाकीचंही घेतलं.’ तीन ओळींत चार चुका. नोकरमाणसांची जळजळ, दुसरं काय. पण मग तिने हसायला तोंड उघडलं. जीभ, दात, सगळं जागच्या जागी. आणि आवाज मात्र—

मी पाटी पुसून टाकली.

१४ एप्रिल

माझा आवाज गेला. कुजबूजही निघत नाही. ती मजकूर सांगते तो माझ्या आवाजात. डॉक्टर दाराशी आले, तर हिने दिवाणखान्यातून माझ्या आवाजात सांगितलं की आता बरं आहे, उगाच त्रास घेतलात. ते परत गेले.

सगळ्यात संताप याचा, की माझा आवाज ती माझ्यापेक्षा चांगला वापरते.

१५ एप्रिल

लेटीला लिहिलं: ताबडतोब ये. पत्र गॅडने शालीखाली लपवून नेलं. 

१७ एप्रिल

लेटी आली. भर दुपारी. माझं दार बाहेरून बंद. खाली दिवाणखान्याच्या बंद दाराआडून माझा आवाज: "अगं, आत येऊ नकोस लेटे! घटसर्प आहे मला. ते पत्र तापात लिहिलं होतं. पंधरवड्यात मीच येते."

मी खुर्ची जमिनीवर आपटली. पुन्हा आपटली. खाली माझा आवाज म्हणाला, "गॅड पलंग हलवतेय. धसमुसळी आहे मेली. आणि काय गं, येताना खिडकीतून दिसली ती टोपी कुठून आणलीस? भाजीवाली दिसतेस अगदी!"

मीही हेच बोलले असते. शब्दन् शब्द.

लेटी खळखळून हसली. तिची खात्री पटली. मी खिडकीच्या काचेवर मुठी मारल्या. रस्त्यावर पोचून ती वळली, हात हलवला—खालच्या खिडकीकडे. वर पाहिलंच नाही.

१८ एप्रिल

म्हणते, लंडनहून बोलावणं आलंय. नवं नाटक. मास्तरीणबाईची भूमिका. सकाळपासून खोलीभर येरझाऱ्या घालतेय. माझी चाल. माझे पाय आता पलंगावरून—

समोर बसली आहे. लेखणी कशी धरता बघू, म्हणते. बघतेय. पापणी हलत नाही.

अंगठा गेला. दोन बोटांत धरून लिहिते. लिहिणारच. लोकांना कळू दे, ऑरेलिया डेनला स्वतःचं असं काहीही नव्हतं, ही बाई म्हणजे निव्वळ