व्याह्यांच्या आधी मी पळून आलो

डिंगोरे, ता. जुन्नर
बुधवार, १४ फेब्रुवारी २००१

निरगुडसरचे आमचे व्याही रखमाजीराव यांस डिंगोऱ्याच्या हौशीरामचा रामराम. उभ्यानं घेऊ नका, भिंतीला टेकून निवांत घ्या. विहीणबाई प्रयागबाईंना नमस्कार, लेक हर्षाली आणि नात अक्षदा यांना आशीर्वाद, जावईबापू आदेशराव यांना काय द्यायचं ते समक्ष भेटीत देईन. आमच्याकडं सगळं ठीक. कांदा पोसतोय. साळुबाईची (म्हणजे आमच्या मंडळींची) कंबर दुखते, पण तोंड चालू आहे, तेव्हा काळजीचं कारण नाही. तुमची तब्येत मात्र मी विचारत नाही. विचारली की तुम्ही खिशातून ती छातीची ईसीजीची पट्टी काढता, "बघा पावणं, रेघ कशी साफ हाय" म्हणता, आणि ज्या डॉक्टरनं ती पट्टी काढली त्यानंच पुढं काय सांगितलं ते गिळून टाकता. चालताना छाती आवळते तर पट्ट्यावर चालवून तपासणी करा, असं त्यानं सांगितलं होतं. मला ठाऊक आहे. आणि अक्षदाच्या जावळाला आलो तेव्हा घरापासून विहिरीपर्यंत तुम्ही दोनदा थांबलात तेही मी पाहिलं. ऊस बघतोय म्हणालात. इतका काय बघायचा ऊस, तो तुमचाच आहे, रोज तिथंच असतो.

तर घाबरू नका, "तुम्ही जा" हे सांगायला हे पत्र नाही. तसं लिहिलं तर ते सरळ चुलीत जाईल एवढं तुम्हाला ओळखतो. जावळाच्या पंगतीत मी विषय काढला तेव्हा तुम्ही सगळ्या भावकीसमोर म्हणालात, "तुमी आदी जाऊन या हौशीराव, मंग आमी बघू." पंगत हसली. वाढणारा वाढायचं सोडून हसला (त्यात माझी दुसरी पोळी राहिली, ते वेगळं). तर व्याहीबोवा, मी जाऊन आलो. मागच्या गुरुवारी पुण्याला जाऊन, त्या पट्ट्यावर पळून, जिवंत आणि मानानं परत आलो. त्याची हकिगत कळवतो.

दवाखान्यात सांगितलेलं की बूट घालून या आणि दोन तास आधी काही खाऊ नका. बूट माझ्याकडं नाहीत, म्हणून ऋषीचे घेतले. पोराचा पाय माझ्यापेक्षा दोन बोटं मोठा, म्हणून पुढं वर्तमानपत्र कोंबलं. न खाण्याचं मात्र साळुबाईला पटेना. पळायला जाणारं माणूस उपाशी कसं जाईल म्हणून तिनं बाजरीची भाकरी बांधून दिली. ती मी जुन्नरच्या स्टँडवरच एसटी सुटायच्या आत खाऊन मोकळा झालो, म्हणजे तिचाही शब्द राहिला आणि डॉक्टरचाही.

तिथं गेल्यावर पहिल्यांदा एका माणसानं छातीवरचे केस काढले. सगळे नाही, जागजागी, चौकोनी. मेथीचे वाफे पाडल्यासारखी छाती झाली. मग वायरी चिकटवायला एक मुलगी आली आणि माझ्याकडं बघून म्हणाली, "काका, तुमी डिंगोऱ्याचे ना?" बघतो तर आपल्या जलालभाई नालबंदाची अनिसा! ज्या जलालभाईनं माझ्या बैलांना वीस वर्षं नाल मारले, त्याची लेक या एवढ्या मोठ्या दवाखान्यात मशीन चालवते. मला इतका अभिमान वाटला की उघड्या अंगानं उभा आहे हेच विसरलो. आठवलं तेव्हा उपरणं ओढून घेतलं, तर ती म्हणाली, "काका, आता झाकून काय उपेग, सगळं टीव्हीवर दिसतंय." खरंच, माझं काळीज बाजूच्या पडद्यावर टुकटुक उड्या मारत होतं.

मग धोतराचा प्रश्न आला. सोगा पट्ट्यात अडकेल म्हणून त्यांनी मला पायजमा देऊ केला. मी म्हणालो, पायजम्यात मी कधी पळालो नाही, आणि तिथंच कुस्तीच्या आखाड्यात मारतो तसा काचा मारून दाखवला. मग वय विचारलं. गुरुजींनी शाळेत लावलेलं वय त्रेसष्ट, आईच्या हिशेबानं सहासष्ट. डॉक्टर म्हणाले, खरं सांगा, कारण दोनशेवीसमधून वय वजा करून तुमच्या ठोक्यांची हद्द काढायची आहे. मी म्हणालो, गुरुजींचं धरा, जरा वरची हद्द मिळेल. (हसू नका. हद्द खाली धरून मला लवकर थांबवलं असतं तर तुम्हीच बोलला असता.)

आता त्या पट्ट्याचं सांगतो. तो आपल्या पायाखालून मागं पळतो आणि आपण पुढं चालायचं, तरी जागचं हलायचं नाही. पहिली तीन मिनिटं सावकाश. मला वाटलं, एवढंच? मग तीन मिनिटं झाली की पट्टा वेग घेतो आणि पुढून उचलतो, चढ होतो. परत तीन मिनिटांनी आणखी वेग, आणखी चढ. व्याहीबोवा, तो चढ लागला आणि मला बैलगाड्यांच्या शर्यतीचा घाटच दिसायला लागला! समोर उधळलेला भंडारा, दोन्ही बाजूंना माणसं, आणि पळायला आपली बारी. माझ्या तोंडातून एवढ्या जोरात "भिर्रर्र" गेलं की बाहेर बाकड्यावर बसलेले पेशंट दारात गोळा झाले. त्यात खेडचा एक पावणा होता, त्यानं तिथून साथ दिली. डॉक्टर धावले, अनिसा ओरडली, "काका, वरडू नका, रेघ हालती! आन् दांडी येवढी आवळू नका, कासरा न्हाई तो!" 

आठव्या मिनिटाला मांड्या पेटल्या. छातीत दुखतंय का म्हणून डॉक्टर सारखे विचारत होते. मी म्हणालो, छाती नाही, ऋषीचे बूट दुखतात. ते म्हणाले, खरं सांगत जा, जिंकायच्या नादात दुखणं दडवणारे इथं खूप येतात आणि स्वतःलाच फसवून घरी जातात. हद्दीच्या जवळ ठोके गेल्यावर त्यांनी पट्टा थांबवला. मी म्हणालो, आणखी वीस सेकंद द्या, निरगुडसरला व्याही आहेत. नाही दिले. आठ मिनिटं चाळीस सेकंद. लिहून ठेवा.

पण खरी गंमत पुढंच आहे, आणि ती तुमच्यासारख्या बैलाच्या जाणकारालाच कळेल. पट्टा थांबल्यावर मला वाटलं सोडतील, तर लगेच आडवं केलं आणि पुन्हा मोजायला लागले. मी विचारलं, आता काय मोजताय, बारी झाली की? डॉक्टर म्हणाले, थांबल्यावर पहिल्या मिनिटात ठोके किती खाली येतात ते फार महत्त्वाचं. मी तसाच उठून बसलो (दोन वायरी निघाल्या). म्हणालो, अहो डॉक्टर, हे तर आम्ही बापजाद्यापासून करतो! घाटात सगळी माणसं घड्याळाकडं बघतात, पण जाणता माणूस वरच्या अंगाला जाऊन बैलाच्या कुशीवर हात ठेवतो. कूस किती लवकर शांत होते, दम किती लवकर बसतो, त्यावर बैल ठरतो. आणि दावणीला उभ्या बैलावरून तर काहीच ठरत नाही, तिथं सगळेच देखणे. जुवाखाली गेला, चढाला लागला, की त्याचं आतलं बाहेर येतं. डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं, दोन शिकाऊ डॉक्टरांना बोलावलं आणि म्हणाले, आजोबांनी आता सांगितलं ते परत सांगा. मी परत सांगितलं. एकानं लिहून घेतलं. मी चौथीपर्यंत शिकलेला माणूस, व्याहीबोवा, आणि माझं वाक्य डॉक्टरच्या वहीत!

तेव्हा ती तुमच्या खिशातली पट्टी मला आठवली. ती दावणीला उभं राहून काढलेली आहे. 

माझा कागद म्हणाल तर हातभर लांब आहे. डेअरीवर गेणभाऊला दाखवला, तो म्हणाला, "आयला, नाणेघाटापासून सगळा डोंगूर उतरलाय की ह्यावर." सरपंचांनी उलटा धरून बघितला आणि चांगला आहे म्हणाले. साळुबाईनं देवापुढं ठेवला. आता आल्या-गेल्याला दाखवतो. जे मागत नाहीत त्यांनाही दाखवतो.

मोठ्यांना नमस्कार, लहानांना आशीर्वाद, आणि ज्यांना काहीच नको त्यांना नुसता रामराम.

आपला,
आठ मिनिटं चाळीस सेकंदवाला
हौशीराम

ता. क. १ : येताना दवाखान्याच्या वहीत तुमचं नाव लिहून आलो. सोमवार, दि. २६, सकाळी अकरा. अनिसाला तुमची सगळी खूण सांगितली आहे, त्यामुळं दुसरं कुणी पाठवून भागणार नाही. माझ्यापेक्षा जास्त पळा असं म्हणत नाही. दोनच मिनिटांत थांबलात तरी मी कुठं बोलणार नाही. विहिरीच्या वाटेवर एकट्यानं थांबण्यापेक्षा तिथं थांबा, तिथं धरायला चार माणसं उभी असतात. घाटात बैल मागं धावावेत म्हणून पुढं घोडी पळवतात, हे तुम्हाला मी काय सांगायचं? मी पुढं पळालो तो कशासाठी, एवढं समजून घ्या. मला त्या मशीनची काय हौस होती!

ता. क. २ : त्या दिवशी सकाळी सातला गेणभाऊची जीप घेऊन मी तुमच्या दारात येतो. तुम्ही जीपमध्ये बसेपर्यंत ओट्यावर बसेन आणि तुमच्या घरचं पाणीसुद्धा घेणार नाही. अक्षदा होईपर्यंत लेकीच्या घरचं पाणी रीत म्हणून घेत नव्हतो, आता हट्ट म्हणून घेणार नाही. व्याही दारात कोरड्या घशानं बसलाय हे सगळं निरगुडसर बघेल. किती वेळ बघू द्यायचं ते तुम्ही ठरवा.

ता. क. ३ : हर्षाली, मामंजींना चष्म्यातून दिसत नाही, पत्र तूच वाचून दाखवत असशील, म्हणून ही ओळ मनातल्या मनात वाच. मागच्या दारानं एक तांब्या आणून गुपचूप ओट्याच्या कोपऱ्यात ठेव. पट्ट्यावर माझं प्रेशर जरा जास्तच चढलं, डॉक्टरांनी रोज सकाळी आठ वाजता एक गोळी घ्यायला सांगितली आहे, आणि ती मेली पाण्याशिवाय उतरत नाही.