अनेकांतच्या खोलीत न सापडलेलं मशीन

शाहूपुरी, कोल्हापूर
(तारीख पोस्टाच्या शिक्क्यावरून बघा. आपण आपल्या हातानं पुरावा देऊ नये.)

तीर्थरूप अभिनंदनदाजी यांना श्रेणिकचा वाकून जय जिनेंद्र. (वाकून हे लिहिण्यापुरतं. सध्या मला वाकता येत नाही. का, ते पुढे येईलच.)

इकडे सगळं ठीक आहे. तिकडचं खरं काय ते कळवा. फोनवर तुम्ही ‘गुडघा बरा आहे’ म्हणता आणि मागून अक्का खोकते, म्हणजे तो बरा नाही हे मी ओळखतो. अक्कानं साखर तपासली का? तपासली असेल तर कागद स्वतःच्या डोळ्यांनी बघा, तिच्या तोंडावर जाऊ नका. म्हशीनं दूध कमी केलं म्हणता, ते म्हशीनं केलं की धार काढणाऱ्या ज्ञानूनं, हेही एकदा गोठ्याच्या दाराआड उभं राहून बघून घ्या.

पत्र अशासाठी लिहितोय की असल्या गोष्टी फोनवर बोलू नयेत. परवा मी घरात नुसतं ‘गादी’ म्हणालो, तर दुसऱ्या दिवसापासून फोनवर गाद्यांच्या जाहिराती. विषय आपल्या सोनलचा आहे. मगदूमांचा अनेकांत मुरगूडला येऊन तिला बघून गेला. तिला तो पसंत, त्याला ती पसंत, अक्काला त्याची आई पसंत. आता मामानं कोल्हापुरात चौकशी करून होय म्हटलं तर होय, नाही म्हटलं तर नाही, असं तुम्ही ठरवून टाकलंत. एवढा विश्वास माझ्यावर कशासाठी, याचाच मला आधी संशय आला होता, पण भाचीच्या जन्माचा प्रश्न म्हणून गप्प कामाला लागलो.

सुरुवात राजारामपुरीत त्यांच्या घराखालच्या किराणा दुकानापासून केली. (चौकशी नेहमी किराणा दुकानापासून करावी. उधारी, पाहुणे आणि भांडणं, तिन्ही तिथंच कळतात.) दुकानातला सम्राट मला ओळखत नाही, हे चांगलं झालं. मी अर्धा किलो गूळ घेतला आणि सहज विषय काढला. तो म्हणाला, “पोरगं लई गुणाचं हाय पावणं. पर दिसभर वरनं पैसं पडल्यागत आवाज येतोय बघा. खणखण खणखण! आन खाली एक रुपाया कधी घरंगळला न्हाय.” दाजी, माझ्या हातातला गूळ तिथंच घामानं ओला झाला. दिवसभर घरात बसणारा मुलगा, वर पैसे पडण्याचा आवाज आणि पैसे मात्र दिसत नाहीत. याला आपल्याकडे जुगार म्हणतात. पूर्वी एस.टी. स्टँडजवळ व्हिडिओ गेमची दुकानं असायची, त्यांच्या पडद्यामागं काय चालायचं हे तुम्हाला ठाऊक आहे. तसलं एखादं मशीन या पठ्ठ्यानं घरात आणून ठेवलंय, अशी माझी खात्री झाली.

तडक वर गेलो. मामा म्हणून गेलो असतो तर सगळं झाकून ठेवलं असतं, म्हणून गिऱ्हाईक म्हणून गेलो. (मुलगा घरी बसून संगीत करतो, असं तुम्हीच सांगितलं होतं.) म्हटलं, शिरोलीला आमचं पॅटर्न शॉप आहे, त्याच्या जाहिरातीला गाणं पाहिजे. (फौंड्रीच्या ओतकामासाठी लाकडी नमुने करणाऱ्या माणसाला गाणं कशाला, हे त्या घरात कुणीही विचारलं नाही. हा दुसरा संशय.) आईनं पोहे दिले. पोह्यात कांदा नव्हता, म्हणजे घरात धर्म पाळतात. हे त्यांच्या बाजूनं धरा. पण माझ्या कपाळावरचं केशरी गंध बघून ऐनवेळी घातला नसेल, असंही असू शकतं.

मुलाची खोली बघितली. एक कॉम्प्युटर, दोन स्पीकर, एक बुटकी पेटी-पियानोसारखी वस्तू आणि एक लोखंडी खाट. मशीन नाही. मी बसतोय तोवर त्यानं एक पट्टी दाबली, आणि खणखण! नाणं पडलं. मी पायाखाली बघितलं. दुसरी दाबली, तर गोळी सुटल्यासारखं टुंई झालं. मशीन कुठं आहे, असं मी सरळ विचारलं, कारण तोवर माझा धीर सुटला होता. तो शांतपणे म्हणाला, “काका, मशीन हितं न्हाय. नुसता त्याचा आवाज हाय.” अहो, मशीन नाही आणि आवाज आहे! पुढे त्यानं जे सांगितलं ते जसं समजलं तसं लिहितो. त्या जुन्या खेळांच्या मशीनमध्ये फक्त आवाज काढण्यासाठी एक चिप असायची. मशीनं भंगारात गेली, चिपही आता बनत नाहीत. मग जगातल्या काही रिकामटेकड्या (हा माझा शब्द) लोकांनी ती चिप आत कशी वागायची याचा बारकाईनं अभ्यास करून तिचं सगळं वागणं कॉम्प्युटरमध्ये उतरवलं. याला इम्युलेशन म्हणतात. हा मुलगा त्या चिपकडून खेळाऐवजी स्वतःच्या चाली वाजवून घेतो, वर तबला आणि गाणाऱ्याचा आवाज चढवतो. लघुपटवाले, जाहिरातवाले, परदेशातली माणसंसुद्धा त्याच्याकडून असं संगीत करून घेतात म्हणे.

दाजी, हे मला पटतच नव्हतं असं नाही. बंद पडलेल्या पंपाचा पार्ट मिळाला नाही की आम्हीही जुन्यावरून लाकडी नमुना करतो आणि नवा ओतून घेतो. पण जुन्याला तडा असेल तर आम्ही तो नमुन्यात भरून काढतो. हा मुलगा तडा ठेवतो! त्या चिपची खरखर, वरच्या सुरात तिचं किंचित चिरकणं, सगळं जसंच्या तसं. वर चिपला एका वेळी आठच आवाज काढता यायचे, म्हणून हाही चालीला आठच वापरतो. कॉम्प्युटरमध्ये शंभर वाद्यं फुकट पडली असताना. कारण विचारलं तर म्हणतो, “आठात बसवायचं म्हटलं की डोकं लावावं लागतंय की काका!” ज्याला शंभर मिळत असताना आठ पुरतात, तो एक तर साधू असतो नाहीतर काहीतरी लपवत असतो. साधू लग्नाला उभा राहत नाही.

म्हणून शेवटची खात्री करायला चष्मा पडल्याचं निमित्त करून मी खाटेखाली शिरलो. खाली एक बॅग, जुने जोडे आणि धूळ. मशीन नाही. आणखी आत सरकलो तेव्हा कमरेत अशी चमक भरली की मला ना पुढे जाता येईना ना मागे. तेवढ्यात त्याची आई चहा घेऊन आली. आणि चष्मा माझ्या नाकावरच होता. शेवटी मायलेकांनी मला ओढून बाहेर काढलं, खुर्चीत उशी लावून बसवलं, कमरेला गरम पाण्याची पिशवी दिली, आणि वेळ जावा म्हणून त्यानं कानाला हेडफोन लावून एक गाणं ऐकवलं. गाणं होतं आपलं ठीक.

तर माझं मत असं. व्यसन दिसलं नाही, पण व्यसन दिसत नसतंच. स्वभाव शांत आहे, पण शांत माणसाच्या मनात काय चाललंय ते कळत नाही. जे मशीन नाही त्याचा आवाज काढून पोट भरणाऱ्याच्या हाती आपली सोनल द्यावी, असं मला वाटत नाही. नकार कळवावा.

आपला आज्ञाधारक (पण डोळे उघडे ठेवून असलेला) मेहुणा,
श्रेणिक

ता. क. नकार परस्पर कळवू नका. आधी मला कळवा. मी स्वतः जाऊन त्यांना नीट समजावून सांगेन.

ता. क. दुसरा. मी गेल्यावर बोलण्याच्या ओघात आमच्या भाग्यश्रीचा विषय निघाला, तर निघाला. तुम्ही मनात काही आणू नका. मुलगा निर्व्यसनी आहे, एकुलता आहे, घर स्वतःचं आहे, आणि त्याची आई पोहे फार छान करते.

आतोबा, नमस्कार. हे अक्षर माझं, भाग्यश्रीचं. पाकीट चिकटवायला पप्पांनी माझ्याकडे दिलं, आणि संशय घ्यायची सवय घरचीच असल्यामुळे मी आतलं वाचलं. पप्पांची कंबर धरली हे खरं आहे. पण कंबर सुटल्यावरही ते दुपारच्या जेवणापर्यंत हेडफोन काढायला तयार नव्हते, हे त्यांनी लिहिलेलं नाही. घरी येऊन आईला सांगत होते, की गाणं संपताना एक आवाज हळूहळू खाली येत थांबतो, संध्याकाळी शॉपमधलं शेवटचं मशीन बंद केल्यावर येतो तसा. इतकी वर्षं तो मी एकटाच उभा राहून ऐकतोय, त्यात काही ऐकण्यासारखं आहे हे कुणाला कळेल असं वाटलं नव्हतं, असं म्हणाले. माझ्यासाठी स्थळ बघायचं तर खुशाल बघा, पण सोनलताईच्या ताटातलं उचलून नको. ती रोज फोन करून एवढंच विचारते, “मामांनी काय लिवलं गं?” मला खोटं सांगवत नाही. आत्तीला नमस्कार.

दाजी, वरचं पोरीनं माझ्यासमोर बसून मला वाचायला लावलं. त्यात एक शब्द खोटा नाही, याची मी चौकशी केली आहे. होकार कळवा.