‘कॉपी’ लिहिलेला डबा

प्रिय धाकट्या,

तुझ्या फिल्मला बक्षीस मिळालं म्हणे. अभिनंदन म्हणायला हवं, पण जीभ रेटत नाही. मागच्या रांगेत बसून मीही पाहिली. अकरा मिनिटं नुसते संथ सरकणारे डाग, भेगा, बुरशीची जाळी, आणि लोक उभं राहून टाळ्या वाजवतायत. आमच्या लॅबमध्ये असा रोल धुऊन निघाला असता, तर साहेबांनी मला कायमचं घरी बसवलं असतं.

फिल्म ओल्या मातीत पुरायची, तिच्यावरचा चित्राचा थर मातीला खाऊ द्यायचा आणि उरेल ते पडद्यावर दाखवायचं, हे तुझं खूळ मला कधीच कळलं नाही. पुरायचं तर पूर. पण या फिल्मसाठी आईचा एकुलता एक रोल? तीन मिनिटांचा, गच्चीवर केस वाळवतानाचा, बाबांनी काढलेला? कुंडीत घालण्याआधी उजेडाला धरून बघायला काय हात झडले होते तुझे?

दोन वर्षं बाबा तुझ्याशी बोलले नाहीत. तू शपथेवर सांगत राहिलास की डब्यावर ‘कॉपी’ लिहिलं होतं. मी हू की चू केलं नाही. उलट आत्याला, काकूला तुझ्याविरुद्धच सांगत सुटले.

आता ऐक. आई गेल्यापासून बाबा रोज जेवण झालं की तिचा रोल प्रोजेक्टरवर लावायचे. मूळ रोल ओरखडून जाईल म्हणून मी लॅबमधून कॉपी काढून आणली. कॉपी म्हटलं की ते तोंड वाकडं करणार, म्हणून ती गुपचूप त्यांच्या जुन्या डब्यात घातली, आणि मूळ रोल ‘कॉपी’ लिहिलेल्या डब्यात, माझ्या कपाटात. फार हुशार ना मी! तू फोनवर विचारलंस, “ताई, ही कॉपीच ना?” कामाच्या गडबडीत मी खेकसले, “डब्यावर लिहिलंय, वाचता येत नाही का?” पुढे बाबांची कॉपी प्रोजेक्टरमध्ये अडकून जळाली. मी निर्धास्तपणे कपाट उघडलं, तर ‘कॉपी’चा डबा जागेवर नव्हताच; तो तू कधीच कुंडीत रिकामा केला होतास.

काल बाबांना सगळं सांगितलं. त्यांचा उजवा डोळा गेलाच आहे. डाव्यानं आणखी दोनेक महिने दिसेल, असं डॉक्टर म्हणतात.  आज सकाळी बाबांनी मला शेजारच्या काकांकरवी निरोप दिला, घरातल्या घरात: धाकट्याला त्याची फिल्म घेऊन यायला सांग, तुमच्या आईचा कुठे हात, कुठे केस उरला असेल तर मी ओळखीन. तर ये. माझ्याशी नाही बोललास तरी चालेल.

तुझीच,
ताई