मारणारा झिजतो

सुलतानपूर, ता. लोणार
१८ नोव्हेंबर २०२४

प्रिय अश्वजितदादा,
सप्रेम जय भीम.

इकडे आम्ही बरे आहोत. सोयाबीन घरात आलं, यंदा दाणा बारीक आहे. आईचे गुडघे तसेच. अंगणवाडीत तांदूळ उशिरा येतो आणि आयाबाया माझ्या नावाने बोटं मोडतात. तू पुण्यात कानटोपी न घालता फिरत असशील, ते तुझं तू बघ. फोन उचलत नाहीस म्हणून रुसून लिहीत नाहीये. फोनवर बोलताना आई शेजारी बसलेली असते, आणि हे मला तिच्यासमोर बोलायचं नाही.

बाबांना सुधारणा आहे. निदान आई तसं म्हणते.

तू लोकांसाठी रेकॉर्ड करून मोबाईलवर टाकतोस ती 'घणदेश'ची गोष्ट आई रोज ऐकते. स्वयंपाक आटोपला की मोबाईल बाबांच्या खाटेवर ठेवते. त्यातले राजे आणि लढाया तिच्या डोक्यावरून जातात. आंधळा लोहार सांगतो तेवढं मात्र तिला तोंडपाठ आहे. आधी सगळं जग कच्चं होतं, आकाशातून एक घाव पडला आणि ते पक्कं झालं. ज्याच्यावर घाव पडतो तो खरा होत जातो. जो घाव घालतो त्याचं खरेपण तेवढंच कमी होतं, तो झिजत झिजत शेवटी नुसती सावली उरतो. त्याला परत माणूस करायचं तर त्याचे घाव त्याला परत द्यावे लागतात.

लोकांना वाटतं, हे तुला लोणारचं सरोवर बघून सुचलं. मला माहीत आहे कुठे सुचलं ते. बाबांनी आपल्या गिरणीच्या पट्ट्याने आधी तुझी पाठ सोलली होती, मग माझी, आणि आपण पिठाच्या पोत्यांमागे दडून बसलो होतो. माझं रडणं थांबेना. तू माझं तोंड दाबून म्हणालास, "रडू नको वं. तो मारते नं, तो झिजून राह्यला. एक दिवस संपून जाईन. आपण पक्के होऊन राह्यलो." त्या एका गोष्टीवर मी सगळं लहानपण काढलं.

उन्हाळ्यात बाबांना लकवा मारला, वाचा गेली, तेव्हा मला वाटलं, झालं, दादा म्हणाला तसं झालं.

पोळ्यानंतर एकदा ते वरणाचं पाणी गिळेनात. आईचा तोल गेला. तिने खाडकन त्यांच्या तोंडात मारली. बाबांचे डोळे फिरले, ओठ हलले आणि लकव्यानंतरचा पहिला शब्द बाहेर आला. का मारलं, एवढंच विचारलं, "काऊन?"

आई रडायलाच लागली, आनंदाने. "पाह्य शीले, यायच्यात जीव येऊन राह्यला. अश्वजित बराबर सांगते."

तेव्हापासून ती रोज मारायची. रागाने नाही बरं, औषध द्यावं तसं. अंगाला तेल चोळायची, मग हाताने, पुढे पुढे लाटण्याने. बाबांचं बोट हललं, मग पाय हलला. मार चुकवायला ते अंग ओढत होते, हे मला दिसत होतं. पण तुझ्या तोंडून ऐकलेलं मी खोटं कसं पाडणार? दिवाळीत एकदा ती मारता मारता लाटणं खाली ठेवून बसली. "मी रिकामी होऊन राह्यली वं," म्हणाली. तिची सावली होऊ नये म्हणून मी म्हटलं, आता मी मारते.

आता नीट वाच. पहिल्यांदा मारलं तेव्हा मला ओकारी आली. दुसऱ्यांदा नाही आली. मग बंद गिरणीत जाऊन पट्टा घेऊन आले. आई बाहेर गेली की मी दार लावते. पाठीवर मारते, मांड्यांवर, तळपायांवर. कातडी फुटली की हळद भरते आणि परत त्याच जागी मारते. काल बरगडी मोडल्याचा आवाज आला. बाबा आता 'काऊन'सुद्धा म्हणत नाहीत.

आणि दादा, मी झिजत नाही. वाट पाहिली मी, रोज पाहिली. मारून झालं की मला कडकडून भूक लागते. झोप गाढ लागते. अंगावर मूठभर मांस चढलंय, बाया म्हणतात शीला उजळली. तुझ्या घणदेशात काय होतं ते तू जाण, इथे मारणाऱ्याचं काही कमी होत नाही. त्याला गोड लागतं. आपल्याला मारून बाबांचं काहीसुद्धा गेलं नव्हतं. पट्टा खुंटीला लावून ते जेवायला बसायचे आणि आईला आणखी रस्सा मागायचे, आठवतं का? तू मला धीर द्यायला ते सांगितलंस. तुझा राग नाही रे. पण ते खोटं आहे, आणि मी ते मारून पाहिलंय.

आज अंगणवाडीत छकुलीने खिचडी सांडली. एवढीशी पोर. माझा हात वर गेला. तिने डोळे मिटून मान खांद्यात ओढली, आपण ओढायचो तशी, म्हणून मी थांबले, असं लिहायला बरं वाटतं. पण मदतनीस सारिका आत आली म्हणून थांबले.

पट्टा मी विहिरीत टाकून दिला. मग दुपारी खलातला बत्ता उचलून पाहिला. हातात नीट बसतो.

आई माझं ऐकणार नाही, ती तुझंच ऐकते. पण लोहाराच्या तोंडून काही वदवत बसू नकोस. गाडी करून ये आणि बाबांना दवाखान्यात ने. कोणी मारलं विचारलं तर माझं नाव सांग, आईचं सांगू नकोस. तुला बाबांचं तोंड बघायचं नसेल तर बघू नको, पण त्यांना माझ्या हातून काढ.

आजची संध्याकाळ मी अंगणात बसून काढेन. उद्याचं मला सांगता येत नाही.

अजून तरी तुझीच,
शीला