सात नंबरच्या कॅसेटमधली खरखर

६ नोव्हेंबर, पांढुर्णा

सकाळच्या गाडीने पोचले. स्टेशनबाहेर संत्र्यांचे ट्रक भरत होते आणि घरापर्यंत तो वास सोबत आला. वरची खोली मिळाली आहे. खिडकीतून अंगण दिसतं. नळ, नळाच्या डाव्या हाताला तुळशीवृंदावन, त्यापलीकडे फाटक.

संस्थेने दिलेलं काम तीन महिन्यांचं. अरविंद मास्तरांनी हयातभर आसपासच्या गावांत फिरून आवाज टेपवर घेतले. त्यांच्या बेचाळीस कॅसेटी संगणकावर उतरवायच्या. मास्तर दोन वर्षांपूर्वी गेले. घरात त्यांच्या पत्नी सुधाकाकू आणि मुलगी हिमानी. मला पाहून काकू म्हणाल्या, "एवढीशी पोरगी पाठवली का त्यायनं? खातपीत जात जा बापा." त्यावर हिमानी, "आई, ते कॅसेटा ऐकाले आली, उचलाले नाही."

हिमानी मेंदी काढते. सौंसरच्या एका लग्नाची ऑर्डर आहे म्हणून तिने तासाभरात माझ्या डाव्या हातावर सराव करून घेतला. करंगळी राहिली, कारण दूध उतू गेलं. करंगळी उद्या, म्हणाली.

९ नोव्हेंबर

या घरात एक रीत आहे. दिवेलागणीला काकू तुळशीपाशी दिवा ठेवतात आणि आत येऊन सात नंबरची कॅसेट दोन मिनिटं लावतात. तिच्यावर मास्तरांच्या अक्षरात लिहिलं आहे : रुणी, शेवटची. केसरबाईंची विहीर, तिगाव.

रुणी म्हणजे खारीएवढा प्राणी. संत्र्याच्या बागांतल्या विहिरींच्या कपारीत राहायचा. लोक म्हणत, रुणी ओरडते तोवर जागा जागेवर राहते. ती ओरडली की विहिरीला पाणी, झाडाला मूळ, घराला माणसं. ती गप्प झालेल्या दोन बागा कुठे होत्या हे आता कोणालाच सांगता येत नाही. विहिरींवर मोटारी बसल्या आणि रुणी संपल्या. मास्तरांनी वहीत हे सगळं शांतपणे टिपून ठेवलं आहे, पाऊसपाणी टिपावं तसं.

ऐकायला कॅसेट वाईट आहे. नुसती कोरडी खरखर, आणि तिच्या तळाशी एक गोड शीळ. रोज हे ऐकणाऱ्या काकूंची दया आली. विचारलं, तर म्हणाल्या, "चुकवू नको म्हणून सांगून गेले. कायले, ते नाही सांगितलं."

करंगळी आजही राहिली.

१३ नोव्हेंबर

चौथीपर्यंत मी घरीच शिकले, बाबांजवळ. चुकलेली ओळ शुद्ध लिहून झाल्याशिवाय बाबा पानावरून उठू देत नसत. अजूनही कुठे डाग दिसला की माझा हात शिवशिवतो.

आज सात नंबर स्वच्छ केली. खरखर पूर्ण काढली. शीळ आता काचेसारखी ऐकू येते. काकूंना टेपरेकॉर्डरच चालवता येतो, म्हणून स्वच्छ आवाज त्याच कॅसेटवर भरला. संगणकावरची जुनी प्रतही पुसली, गोंधळ नको म्हणून. काकूंना आधी विचारलं नाही. त्यांना आनंदाचा धक्का द्यायचा होता.

संध्याकाळी काकू म्हणाल्या, "आज गोड वाटून राहिलं नं?" मी म्हटलं, टेपचं हेड पुसलं म्हणून. खोटं का बोलले, कळत नाही.

१४ नोव्हेंबर

काकू दिवा घेऊन अंगणात बराच वेळ उभ्या होत्या. मग तो उंबरठ्यावर ठेवला. रोज इथंच ठेवते नं मी, म्हणाल्या. मलाही तसंच वाटलं. वर येऊन ही वही चाळली. नळाच्या डाव्या हाताला तुळशीवृंदावन, असं मीच लिहिलं आहे. तिथे सपाट फरशी आहे. डागसुद्धा नाही.

१६ नोव्हेंबर

माझ्या डाव्या हाताला मेंदी आहे, करंगळी कोरी. कोणी काढली, आठवेना. काकू म्हणाल्या, तू तर अशीच आली होती.

वहीत हिमानी हे नाव आहे. माझंच अक्षर.

काकूंना विचारलं, तुम्हाला मुलगी आहे का. त्या हसल्या. "लेकरू असतं तर वरची खोली तुले कायले दिली असती वं?" हसता हसता त्यांनी तिसरं ताट मांडलं, त्याच्याकडे बघत राहिल्या आणि उचलून ठेवलं.

मला तिचा चेहरा आठवत नाही. तिची दया येण्याइतकीही ती माझ्यापाशी उरलेली नाही. फक्त एवढंच ठाऊक आहे, की पुसलं मी.

१७ नोव्हेंबर

तिगावला गेले. केसरबाई अंगणात कापूस निवडत होत्या, शेजारी त्यांची सून वंदना. फोनवर शीळ ऐकवली. केसरबाई म्हणाल्या, "हा त दयाळ पक्षी हाय. रुणी कुठं गेली याच्यातली?"

मी सांगितलं, खरखर काढून टाकली.

त्यांनी कापूस खाली ठेवला. मग त्यांनी घशातून तो आवाज काढला. कोरडा, सुपावर नख ओढल्यासारखा. तीच खरखर. रुणी गोड नव्हती कधी, म्हणाल्या. आता रुणी नाहीत म्हणून दिवेलागणीला या दोघी सासूसुना तो आवाज काढतात. ज्याला धरून ठेवायचं त्याचं नाव मनात घ्यायचं. "पण सोतासाठी नाही जमत. रुणी साऱ्यायसाठी वरडली, सोतासाठी नाही, म्हून त संपली. म्या वंदनासाठी करतो, वंदना माह्यासाठी. तुह्यासाठी कोण करन?"

मी म्हटलं, काकू करतील.

काकूंना अजून काहीच सांगितलेलं नाही.

१९ नोव्हेंबर

दोन दिवस दिवेलागणीला गच्चीवर करते आहे. काकूंचं नाव, घराचं, तुळशीचं, आणि वहीतलं ते नाव. घसा सोलून निघाला. आज सकाळी नळाच्या डाव्या हाताला वृंदावन होतं. काकूंनी न बघताच पाणी घातलं.

आज सांगणार होते. त्या भाजी निवडत होत्या, मी समोर बसले आणि मेथी महाग झाली का, असं विचारलं. उद्या सांगेन.

२० नोव्हेंबर

जिन्यात बांगड्या वाजल्या. हिमानी. चेहरा पाहिला आणि सगळं आठवलं. काकू तिच्यावर ओरडत होत्या, सौंसरची बस चुकवशील, मेंदीचे कोन घेतले का. मी दारामागे उभी राहून रडले.

काकूंनी चहा केला. दोन कप.

त्यांना विसर पडला असेल.

२१ नोव्हेंबर

आज सांगितलं. समोर उभी राहून, सगळं. घशातून शब्द निघत नाहीत, नुसता तोच आवाज. काकूंनी कान दिला आणि हिमानीला म्हणाल्या, "वर मशीन चालू राहिली का वं? खरखर होऊन राहिली."

हिमानी वर आली. खोलीभर बघितलं. टेबलावर मेंदीचे कोन ठेवले — बाबा गेल्यापासून ही खोली रिकामीच, इथे बसून सराव करता येईल, म्हणाली. मी तिच्याआधीच वर येऊन खुर्चीवर बसले होते. हात पुढे केला. करंगळी —

२२ नोव्हेंबर

तो आवाज काढायची थांबले तर हिमानी जाईल. नाही थांबले तर —

थांबणार नाही.

या वहीच्या पहिल्या पानावर माझ्या बाबांच्या अक्षरात एक नाव आहे. कोणाचं — आठवत नाही. मुलीचं आहे.

संध्याकाळ

वही जिन्याच्या पायरीवर ठेवते आहे. काकू झाडायला येतील.

सुधाकाकू, सात नंबरची कॅसेट मी पुसली. हेड पुसलं नव्हतं. विचारलं नाही, मग खोटं बोलले, मग सांगायचं राहिलं. हिमानीसाठी आता रोज तुम्ही करा — कसं ते तिगावच्या केसरबाई शिकवतील. तिने तुमच्यासाठी करावं. दोघी असल्या की पुरतं.

आणि जमलं तर — हे मागायचा मला हक्क नाही — पहिल्या पानावर जे नाव आहे, ती मुलगी मीच असावी. दिवेलागणीला ते नाव मनात घेऊन एकदा, एकदाच —