दाराच्या मुठीपर्यंत

५ ऑगस्ट १९७४, हॅम्बुर्ग

झाले एकदाची फिल्म-संकलक! सात वर्षं दुसऱ्यांची रिळं उचलली. आजपासून टेबल माझं, खोली माझी आणि टीव्हीची पोलीस-मालिकाही माझीच. कापलेले फिल्मचे तुकडे लटकवायला खिळ्यांची पट्टी आणि खाली कापडी टोपली. शेजारच्या खोलीतल्या ल्युडर्सबाई तीस वर्षं याच कामात आहेत. त्यांनी केक दिला आणि बजावलं, गुडरून, हातमोजे घाल गं, नाहीतर तुझ्या बोटांचे ठसे अख्खा देश बघेल.

माझी सहा वर्षांची लेक झिल्के तूर्त ल्युबेकला माझ्या बहिणीकडे. चोवीसला तिच्या शाळेचा पहिला दिवस. त्या दिवशी प्रत्येक मुलाला मिळतो तो खाऊचा मोठा कागदी शंकू मीच तिच्या हातात देणार, असं कबूल केलंय.

९ ऑगस्ट

दिग्दर्शक टीसेन भलतेच घाईचे. माणसं दारातून जाताना बघायला लोक रिकामटेकडे आहेत का, म्हणे. मुठीवर हात पडला की काप, थेट पुढच्या जागी ने. एकतीस दारं कापली. मालिका कशी पळायला लागली!

ल्युडर्सबाई म्हणाल्या, एखादं तरी राहू दे की, माणसाला घरी जायचं असतं. मला हसू आलं. म्हातारीला नवं काही पटतच नाही.

१४ ऑगस्ट

संध्याकाळी खोलीच्या दाराची मूठ धरली आणि एकदम घरात, बटाटे परतत उभी! जिना, ट्राम, काही आठवेना. थकवा असेल. पायपीट वाचली, झकास.

२० ऑगस्ट

आता घरही गेलं. मूठ धरते, की सकाळ होऊन टेबलाशी असते. पोट भरलेलं, कपडे बदललेले. मी कधी जेवले, कधी झोपले? भीती वाटते.

ल्युडर्सबाईंना सांगितलं. त्या हसल्या नाहीत. म्हणाल्या, ती दारं आधी परत चिकटव.

२२ ऑगस्ट

काल टोपलीतली चार दारं चिकटवली. चालत घरी गेले! जिन्यावर रडू फुटलं.

आज टीसेननी पाहिलं. मालिका झोपवलीस, म्हणाले. दारं काढ, नाहीतर दुसरी बाई बघतो. काढली. सात वर्षांनी मिळालंय हे टेबल. शनिवारी झिल्केची शाळा सुरू करून आले की परत लावीन.

२४ ऑगस्ट

सकाळचे सात. परत टेबलाशीच. शंकू मात्र समोर आहे, चॉकलेटं, रंगपेटी, सगळं भरलेलं. गाडी पकडायचीय. निघते—

११ मार्च १९७६

टेबल. हातमोजे. शंकू नाही. टोपली कुणीतरी रिकामी केलीय. रिळं आणणारी नवी मुलगी म्हणाली, ल्युडर्सबाई? त्या गेल्या वर्षीच वारल्या. झिल्के शाळेत एकटी—

नोव्हेंबर १९८३

भिंतीवर तीन पारितोषिकं. माझ्या नावाची. कशाबद्दल, ठाऊक नाही. मूठ धरायची नाही. इथेच बसायचं. पण झिल्के— एकदाच बघते—

१९९१. जून?

आरशात पांढरे केस. फोन वाजला. बाईचा आवाज, मला आई म्हणाली. मी म्हटलं, झिल्के, निघालेच. ती म्हणाली, सतरा वर्षं हेच ऐकतेय. दुपारी तिचं लग्न आहे. जमलं तर ये, म्हणाली. आवाजात रागही नव्हता.

वही हातात घेतलीय. पाऊल न् पाऊल लिहीत जाईन, म्हणजे कापता येणार नाही. चार पावलं— मूठ— उघडलं! जिना दिसतोय, पहिली पायरी— झिल्के, मी ये