गोधडी घरीच आहे

जावयासमोर सासूने तोंड उघडून बोलायचं नाही, ही आनंदाबाईची जुनी रीत. चार वर्षांपूर्वी तिची लेक रक्षा नवऱ्याला आणि तान्ह्या मोनाला सोडून गेली, तेव्हापासून पोर सासू-जावयांनी मिळून वाढवली. बोलणं मात्र जेवणाच्या डब्याखाली ठेवलेल्या चिठ्ठ्यांतून. "मोनाले ताप आहे." "मीठ सरलं."

आजची चिठ्ठी मात्र जमत नव्हती.

प्रफुल्लबापू, मोनाले घेऊन तुमसरले चालली.

खोडलं. हे वाचून त्याला वाटेल, म्हातारी शेवटी लेकीच्याच बाजूने गेली.

प्रफुल्लबापू, रक्षाचा फोन आला होता. तुमसरच्या स्टँडवर बसली आहे. पोरीले एकदा पाहू दे म्हणून लय रडली. तुमचा फोन ड्युटीवर बंद, तुम्हाले विचारू कसं? पाचच्या बसने परत येतो. नक्की येतो. तिच्या हाती पोर देत

पुढचं लिहवेना. तेवढंही खोडलं.

"आजी, चाल ना वं, बस जाऊन राहिली!" मोना दारातून ओरडली. काखेत तिची फाटकी गोधडी. तिच्याशिवाय पोरीला रात्री झोप लागत नाही, हे जगात आनंदाबाई आणि प्रफुल्ल, दोघांनाच ठाऊक. रक्षालाही नाही.

आनंदाबाईने ती ओढून घेतली. "हे कायले घेतली? रातच्याले घरीच झोपाचं हाय ना आपल्याले."

गोधडी प्रफुल्लच्या खाटेवर ठेवली, वर चिठ्ठी. उभ्याउभ्याच शेवटची ओळ लिहिली:

गोधडी घरीच आहे.